दहा वर्षांची वाट

"दहा वर्षं? म्हणजे चांगलीच टिकली की!"

काका एवढं म्हणाले आणि वाकून बुटाला चिकटलेला काळा चिखल काटकीने खरवडायला लागले. मी गप्प झाले, कारण मी ते नेमक्या उलट्या सुरात सांगितलं होतं. सॉमरसेटच्या त्या पाणथळ रानात, जिथे जमिनीखाली जवळजवळ सहा हजार वर्षांपूर्वीची लाकडी वाट आहे, तिथे कुणालाही घेऊन गेलं की माझा एक ठरलेला कार्यक्रम असतो. आधी वय सांगायचं, मग मेहनत सांगायची, आणि शेवटी आवाज थोडा खाली आणून म्हणायचं, "आणि वापरली किती? जेमतेम दहा वर्षं." यावर पाहुणे "अरेरे" म्हणतात, मग आम्ही चहा प्यायला जातो. काका राजापूरजवळच्या आमच्या गावातून पहिल्यांदाच इंग्लंडला आलेले, लेकीकडे. त्यातले थोडे दिवस आमच्याकडे ब्रिस्टलला. त्यांनी अरेरे म्हटलं नाही. त्या संध्याकाळी नवऱ्याला हे सांगून मी हसलेसुद्धा. पण ते "चांगलीच टिकली" नंतर डोक्यातून जाईना. भांडी घासताना, ट्रॅफिकमध्ये अडकलेलं असताना मध्येच ऐकू यायचं, आणि काका ते गमतीने म्हणाले नव्हते हे दर वेळी नव्याने जाणवायचं.

शॅपविक हीथवर बघायला तसं काहीच नाही, हे आधी सांगून टाकते. ग्लास्टनबरीच्या पश्चिमेला मैलोन्‌मैल सपाट प्रदेश आहे, त्यातलं हे राखीव रान. बोरू, लव्हाळी, वाकडेतिकडे अल्डर आणि बर्च, आणि मधून सरळ रेषेत गेलेले काळ्या पाण्याचे चर. पाय ठेवला की जमीन किंचित खाली जाते आणि पाय उचलला की वर येते. पाण्यावर गंजासारखा तांबूस तवंग असतो, आणि वास येतो तो कुजण्याचा नाही. ओल्या पोत्याचा आणि लोखंडाचा मिळून काहीतरी. ही सगळी पीटची जमीन. पाण्याखाली पडलेलं गवत, शेवाळ, पानं धड कुजायला हवाच मिळत नाही, म्हणून ती वर्षानुवर्षं एकावर एक दबत जातात, त्याचा हा थर. तो कापून, वाळवून पूर्वी चुलीत घालायचे आणि नंतर बागेच्या कुंड्यांत. 1970 साली रे स्वीट नावाचा पीट कापणारा एक कामगार चर साफ करत होता, तेव्हा त्याच्या फावड्याला एक फळी लागली. लाकडं तिथे नेहमीच सापडत. ही मात्र इतकी खोल होती की तो थांबला. फळीचा तुकडा केंब्रिजला जॉन कोल्स या पुरातत्त्वज्ञांकडे पोचला, आणि पुढे त्या वाटेला त्या कामगाराचंच नाव मिळालं: स्वीट ट्रॅक. राजांच्या नावाने रस्ते असतात, आमदारांच्या नावाने तर असतातच. चर उपसणाऱ्याच्या नावाचा रस्ता मला दुसरा माहीत नाही.

ही वाट पोल्डन टेकड्यांच्या पायथ्यापासून वेस्टहे नावाच्या उंचवट्यापर्यंत जायची. तो उंचवटा तेव्हा बेट होता, मध्ये बोरूंची दलदल. अंतर दोन किलोमीटरला थोडं कमी. रचना इतकी साधी की समजावून सांगायला बोटं पुरतात. दलदलीवर लांब वासे एकापुढे एक आडवे टाकायचे. मग त्यांच्या दोन्ही बाजूंनी टोकदार खुंट तिरके ठोकायचे, असे की वर त्यांची फुली व्हावी. त्या फुलीच्या खोबणीत ओकच्या फळ्या बसवायच्या, आणि त्या सरकू नयेत म्हणून भोकं पाडून उभ्या खुंट्या मारायच्या. फळ्या तीन मीटरपर्यंत लांब, रुंदीला फार तर चाळीस सेंटिमीटर. म्हणजे एका माणसाची वाट. समोरून कुणी आलं तर काय करत असतील, हा प्रश्न मला प्रत्येक वेळी पडतो. आमच्याकडे अशा वेळी डोक्यावर ओझं असलेल्याला आधी जाऊ देतात.

करवती नव्हत्या, धातूच नव्हता. दगडी कुऱ्हाडीने झाड पाडायचं आणि लाकडी पाचरी मारून खोड उभं फोडायचं. खुंटांसाठी मिळेल ते लाकूड: हेझल, अ‍ॅश, लाइम, अल्डर, होली. त्यातल्या कित्येक हेझलच्या काठ्या सरळसोट आणि एका जाडीच्या आहेत. झुडूप बुंध्यापाशी छाटून पुन्हा फुटू देतात तशा वाढलेल्या. म्हणजे ही माणसं रानात दिसेल ते तोडत नव्हती, रान राखून तोडत होती. एकूण लाकूड दोनशे टनांच्या घरात असावं असा अंदाज आहे. पण ते सगळं जागेवर आणून ठेवलं की वाट उभी करायला मूठभर माणसांना एखादा दिवसही पुरला असता, असं अभ्यासक म्हणतात. वेळ जातो तो आधी.

काकांना हे सांगायची गरज पडली नाही. "तयारीलाच दिवस लागतात," ते म्हणाले, "घालायला काय, दुपारपर्यंत होतो." ते आमच्या साकवाबद्दल, म्हणजे पावसाळ्यापुरत्या लाकडी पुलाबद्दल, बोलत होते.

आमच्या घराच्या खालच्या अंगाला पऱ्या आहे. मे महिन्यात त्यात इतकं कमी पाणी असतं की दगडांवरून उड्या मारत पलीकडे जाता येतं. पण पाऊस लागला की तोच पऱ्या तांबडा लाल होऊन अंगावर येतो आणि वाडीचे दोन तुकडे होतात. म्हणून मृगाच्या आधी साकव घालायचा. घरटी एक माणूस. फळायची थांबलेली म्हातारी पोफळ कुणाच्या आगरात आहे हे सगळ्यांना ठाऊक असायचं; त्या तोडून, ओढून आणून काठाला टाकलेल्या असत. दोन्ही बाजूंना मेढी पुरायच्या, त्यांवर वासे, वाशांवर चिरलेल्या पोफळी, आणि धरायला एका अंगाला चिव्याची आडवी काठी. काथ्याने आवळून बांधायचं. खाली पाण्यात राहणाऱ्या मेढीला जांभळाचं लाकूड मिळालं तर उत्तम, कारण जांभूळ पाण्यात कुजत नाही. आम्हा पोरांना कामात कोणी घ्यायचं नाही, पण साकव झाल्यावर त्यावरून पहिल्यांदा कोणी जायचं यावर मारामारी असायची. पावसात शाळेला जाताना पोफळीवर पाय ठेवला की ती दबायची, पुढच्या पावलाला वर यायची, आणि खालून पाण्याचा आवाज इतका की मागून येणाऱ्याची हाक ऐकू यायची नाही. आजी सांगायची, पाण्याकडे बघू नकोस, पलीकडच्या फणसाकडे बघ. मी पाण्याकडेच बघायचे.

बहुतेक वर्षी साकव दिवाळीपर्यंत राहायचा. कधी मोठा पूर आला की रात्रीतून जायचा, आणि दुसऱ्या दिवशी पुरुष डोक्यावर इरलं किंवा प्लॅस्टिक घेऊन पुन्हा काठाला उभे. पाऊस संपल्यावर चांगल्या पोफळी मांडवाला जायच्या, बाकीच्या पाणी तापवायच्या चुलीत. साकव गेला म्हणून कोणी हळहळल्याचं मला आठवत नाही. तो जायचाच. ज्या माणसाने अर्धं आयुष्य दर वर्षी साकव घातला, त्याला दहा वर्षांची वाट म्हणजे मोठीच चैन वाटणार.

मग मी पुन्हा वाचायला बसले, आणि इतके दिवस डोळ्यांखालून गेलेल्या काही गोष्टी वेगळ्या दिसायला लागल्या. उदाहरणार्थ तारीख. या वाटेचं लाकूड इसवी सनापूर्वी 3807 ते 3806 च्या हिवाळ्यात किंवा लगेचच्या वसंतात तोडलेलं आहे. हे 'सुमारे' नाही. ओकच्या खोडातली वर्षावर्षाची कडी मोजून, जुन्या लाकडांच्या कड्यांशी जुळवून काढलेली ही तारीख आहे. आपल्याकडे पुणे जिल्ह्यातल्या इनामगावची ताम्रपाषाणयुगातली वस्ती तेव्हा अजून दोन हजार वर्षांहून जास्त दूर होती. इतक्या मागचा एक विशिष्ट हिवाळा असा हातात यावा, थंडीने फुटलेल्या बोटांसकट, याचं मला अजून अप्रूप आहे. पण मी सांगताना नेहमी गाळत आलेला तपशील याच्या शेजारीच आहे: या वाटेच्या जवळजवळ त्याच मार्गावर आणखी एक, तिच्याहून जुनी वाट सापडली आहे. तिला पोस्ट ट्रॅक म्हणतात. तिचं लाकूड 3838 सालचं. म्हणजे तीसेक वर्षं आधी कुणाच्या तरी आईबापांनी इथेच वाट घातली होती, ती गेली, आणि पोरांनी नवी घातली. स्वीट ट्रॅकवरही दुरुस्तीच्या खुणा आहेत. मग पाणी चढलं, बोरू वर आले, वाट बुडाली. आणि लोक थांबले का? त्याच दलदलीत पुढची तीन हजार वर्षं वाटा पडत राहिल्या. वॉल्टन हीथला हेझलच्या काठ्यांचे विणलेले तट्टे नुसते जमिनीवर अंथरले होते, आपल्याकडे कुडाच्या भिंतीला विणतात तसे. मीअर हीथला पुन्हा फळ्या. कुठे फांद्यांच्या मोळ्या टाकून काम भागवलेलं. ज्याला जसं जमलं, जितकं लाकूड हाताशी होतं, तसं.

मी या मोठ्या रांगेतला एकच साकव उचलून त्याच्यासाठी गळा काढत होते.

अर्थात काकांच्या सुराशीही मी पूर्णपणे जुळवून घेऊ शकत नाही. एक तर साकव जळून जातो आणि ही वाट राहिली आहे; राहिलेल्या गोष्टीकडे बघताना माणूस थोडा हळवा होणारच. आणि ती राहिली याचं कारण ती बुडाली. कोरडी राहिली असती तर पंचवीस-तीस वर्षांत तिचा भुगा झाला असता. पाण्याखाली हवा नाही, हवा नाही म्हणून लाकूड खाणारे जीव नाहीत. आजही तिचा मोठा भाग जिथल्या तिथे जमिनीतच ठेवलाय, आणि तो ओला राहावा म्हणून 1980च्या दशकात तिथे मातीचा बांध घालून पंपाने पाणी सोडायची व्यवस्था केली. आजूबाजूची जमीन पीट कापून कापून खाली गेलीय, त्यामुळे पाणी आपोआप तिथे थांबत नाही. ज्यांनी ही वाट घातली ते पाय कोरडे राहावेत म्हणून झटले. आता तीच वाट ओली राहावी म्हणून पगारी माणसं पाण्याची पातळी मोजतात. जी लाकडं बाहेर काढली त्यांचे हाल वेगळे. ती दिसतात ताजी, पण आतून सगळी पाणीच असतात. तशीच वाळू दिली तर चिंबतात, तडकतात. म्हणून महिनोन्‌महिने मेणासारख्या एका रसायनात बुडवून ठेवतात, म्हणजे पाण्याची जागा ते घेतं. ब्रिटिश म्युझियममध्ये अशा काही फळ्या मांडल्या आहेत. मी त्या पाहिल्या. त्या काचेआड चांगल्या प्रकाशात आहेत, आणि का कोण जाणे, मला शॅपविकच्या न दिसणाऱ्या फळ्याच जास्त खऱ्या वाटतात.

आयर्लंडमध्ये लॉंगफर्ड परगण्यात कॉर्लीयाला मात्र वाट डोळ्यांनी बघता येते. तिथे खास हॉल बांधून, आतली हवा दमट राखून अठरा मीटरचा तुकडा ठेवलाय. ही वाट बरीच नंतरची, इसवी सनापूर्वी 148 ची, लोहयुगातली. आणि ती वाट कसली, हमरस्ताच: तीन-चार मीटर रुंद, ओकच्या जाडजूड फळ्या, गाडी जाईल असा. एक किलोमीटर लांबीचा हा रस्ता बांधायला किती माणसं राबली असतील याचा विचार करतच मी त्या हॉलमध्ये उभी होते. आणि तो रस्ता स्वतःच्याच वजनाने दलदलीत रुतला. तोही दहाएक वर्षांच्या आतच गेला असावा. एक वाट अंगाने इतकी हलकी की पाण्याने गिळली, दुसरी इतकी जड की आपणहून खाली गेली. आयुष्य दोघींचं सारखंच. कॉर्लीयाच्या रस्त्यावर गाड्यांच्या वापराच्या खुणा फारशा दिसत नाहीत, त्यामुळे तो कुणाचा तरी थाट दाखवायला बांधला असावा असा एक तर्क आहे. असेलही. उद्घाटनाच्या दिवसापुरता चकचकीत रस्ता ही कल्पना आपल्याला समजावून सांगावी लागत नाही. आयर्लंडच्या जुन्या कथेत तर असा रस्ता राजाने एका दैवी पुरुषाकडून शर्तीपोटी एका रात्रीत बांधून घेतला, आणि कोणी बघायचं नाही ही अट मोडली म्हणून त्यात खोट राहिली. एका रात्रीत बांधून पहाट झाल्यामुळे अर्धी राहिलेली देवळं आपल्या कोकणातही गावोगाव आहेत. पांडवांना दर वेळी कोंबड्याने घात केलेला असतो.

जर्मनीतल्या विटेमोरच्या वाटेचे फोटो मी काकांना फोनवर पाठवले होते, ते परत गेल्यावर. ती 135 सालची, अर्थात ख्रिस्तपूर्व. तिथे वाट एक ओहोळ ओलांडते त्या जागी दोन लाकडी आकृत्या सापडल्या. फळीतून कापलेल्या, चपट्या. डोकं, खांदे, कंबर एवढंच सुचवणाऱ्या. एक पुरुष आणि एक बाई असावी असं मानतात. माझ्या डोक्यात त्याबद्दल बरीच पुस्तकी माहिती होती. काकांचा उलटा मेसेज आला, "राखणदार. नारळ फोडत असतील." नारळ कुठून येणार जर्मनीत, हे मी त्यांना कळवलं नाही. आमच्या पऱ्यावरही साकवाच्या अलीकडे एक दगड आहे, शेंदूर नसलेला, नाव नसलेला. साकव घातला की त्याच्यापुढे नारळ ठेवायचे. स्वीट ट्रॅकच्या कडेला एक हिरव्या जेडची कुऱ्हाड सापडली, आरशासारखी घासलेली, एकदाही न वापरलेली. तिचा दगड आल्प्स पर्वतातला आहे, म्हणजे ती किती हातांतून फिरत तिथवर आली असेल. इतकी मोलाची चीज कोणाच्या पिशवीतून पडेल आणि तो तशीच सोडून जाईल हे मला पटत नाही. तिच्यासारखीच न वापरलेली गारेची एक कुऱ्हाडही तिथे होती. हेझलनट भरलेलं एक मडकं मात्र नुसतं हातातून निसटलं असणार. ओल्या फळीवर पाय घसरला, मडकं फुटलं, बोंबाबोंब झाली असेल. आणि लाकडाची एक इवलीशी कुऱ्हाड सापडली, बहुधा पोराचं खेळणं. म्हणजे त्या वाटेवर पोरंही होती. त्यांनाही कोणीतरी सांगत असणार, पाण्याकडे बघू नकोस.

हे सगळं मी काकांना हळूहळू पाठवत राहिले, कारण मला त्यांच्याकडून आणखी काही "चांगलीच टिकली" छापाचं ऐकायचं होतं. एका रविवारी फोनवर मी झाडांचं सांगितलं. वाटेच्या एका टोकाकडच्या फळ्या चारशे वर्षं वयाच्या ओकमधून काढलेल्या आहेत, मीटरभर जाडीची खोडं, मधून चिरलेली. मला वाटलं ते दगडी कुऱ्हाडीचं कौतुक करतील. पलीकडे बराच वेळ शांतता. "चारशे वर्षांचं झाड?" "हो काका." "दहा वर्षांच्या वाटेला?" आणि मग ते चक्क चिडले. साकवाला म्हातारी पोफळ तोडतात, फळती नाही. देवाच्या राईतलं तर वाळकं पानही कोणी घरी आणत नाही. वाट घालायला फांद्या पुरत नव्हत्या का, तट्टे पुरत नव्हते का, तूच सांगितलंस ना तट्ट्यांचं. "मूर्ख लोक," ते म्हणाले, अगदी शेजारच्या वाडीतल्या कोणाबद्दल म्हणावं तसं. मी त्या लोकांची बाजू घ्यायचा प्रयत्न केला. ते या देशातले पहिल्या काही शेतकऱ्यांपैकी, त्यांना शेतीला जमीन मोकळी करायची होती, झाडं तशीही पडणारच होती, तोडलेली वापरली एवढंच. काकांना ते पटलं नाही. मलाही ते बोलताना फारसं पटत नव्हतं.

"आणि दुसरं टोक?" त्यांनी विचारलं. दुसऱ्या टोकाकडच्या फळ्या बऱ्याच कोवळ्या झाडांच्या आहेत. बारीक खोडं, वेगळ्या पद्धतीने फोडलेली, म्हणजे पूर्वी एकदा तोडून पुन्हा वाढलेल्या रानातली. एकाच हिवाळ्यात, एकाच वाटेसाठी, दोन बाजूंनी दोन वेगळ्या रानांतून लाकूड आलं होतं. बहुधा दोन वेगळ्या वस्त्यांतून. काका खूश झाले. "मग भांडण झालेलं असणार," ते म्हणाले. "ह्यांनी जाड फळ्या आणल्या, त्यांनी काटक्या आणल्या. आमच्या वरच्या वाडीचे असंच करायचे. पोफळी आमच्या, आणि ते येणार हातात कोयती घेऊन." मग पुढची पंधरा मिनिटं वरच्या वाडीने कोणकोणत्या वर्षी काय काय आणलं नाही, याची यादी झाली, आणि त्यात त्यांना साल आणि माणसांची नावं दोन्ही बिनचूक आठवत होती.